कुसळवाडीचं तोरण कुणी बांधलं

नाना, तुमच्या सरणाशेजारी उभं राहून गावच्या सरपंचानं चांगलं पंधरा मिनिटं भाषण केलं आणि तुम्ही उठून बसला नाहीत. तेव्हा मला पटलं की तुम्ही खरंच गेलात.

काय काय बोलला तो. नाना म्हणजे शांत माणूस. नाना कुणाच्या अध्यात नाहीत की मध्यात नाहीत. नानांनी उभ्या आयुष्यात कुणाचं मन दुखवलं नाही. आम्ही बायका जरा लांब, तुमच्याच वावराच्या बांधावर उभ्या होतो. माझ्या बाजूला आई होती, तुमची एवढ्या वर्षांची शेजारीण. तिला हल्ली कमी ऐकू येतं, पण एवढं बराबर ऐकू आलं. ती माझ्या कानाशी लागून म्हणाली, "सुमे, कुणाचं सांगून राहिला ह्यो? आपल्या नानाचं तर न्हाई?"

शांत माणूस म्हणे. तुम्ही तलाठ्याशी भांडलात, लाइनमनशी भांडलात, एसटीच्या कंडक्टरशी तर दर खेपेला भांडलात, कारण तो वाडीच्या फाट्यावर गाडी थांबवायचा नाही. माझ्या लग्नात पंगतीवरून माझ्या सासऱ्यांशी असे भांडलात की ते अजून तुमचं नाव निघालं की प्यायला पाणी मागतात. औंढ्याकडच्या माळावर कुसळवाडी नावाची जी तीसेक घरं उभी आहेत, ती तुमच्या भांडणांवर उभी आहेत. आणि सरपंचानं एका भाषणात तुमची गरीब गाय करून टाकली.

पण माझा खरा राग त्याच्या पुढच्या वाक्यावर आहे. तो म्हणाला, "आमच्या आजोबांनी मोठ्या मनानं वाडीला पोळ्याचं तोरण दिलं, आणि नानांनी ते शेवटपर्यंत सांभाळलं." दिलं म्हणे. लोक माना हलवत होते. तुमचा दिगंबरही हात जोडून मान हलवत होता. त्याला मी दोष देत नाही, बापाच्या सरणापुढं माणूस कशालाही मान हलवतो. पण तो पंचायतीत वाडीचा सदस्य आहे, आणि त्याच्या मागं उभी असलेली सगळी तरणी पोरं ते खरं धरून घरी गेली.

म्हणून मी आता तुम्हाला तुमचीच गोष्ट सांगणार आहे. ती तुम्हाला माहीत आहे, हे मला माहीत आहे. पण ती दुसऱ्या कुणाला सांगायला लागले की माझा आवाज चढतो आणि लोक म्हणतात, मास्तरीणबाई, पाणी घ्या. तुमच्यापुढं आवाज चढला तरी चालतो. तुम्ही माझ्यापेक्षा मोठ्यानं बोलायचात.

आपल्या वाडीचा इतिहास म्हटला तर पोस्टकार्डावर मावेल. आधी तिथं माणूस नव्हताच. माळ होता आणि गवत होतं. पवना होता, मारवेल होता, आणि सगळ्यात जास्त कुसळी. गाव खाली ओढ्याकाठी, काळ्या जमिनीत. ज्या घरांना काळी जमीन पुरली नाही त्यांच्या वाट्याला वरचा माळ आला. त्यांनी माळावर आखाडे घातले. आखाडा म्हणजे एक छप्पर, एक गोठा, एक चूल. आधी सुगीपुरतं राहायचं, मग पावसाळाभर, मग घरातलं कुणीतरी म्हातारं झालं आणि त्याला चढउतार होईना म्हणून बारा महिने. तुमच्या वडिलांचा आखाडा, माझ्या आजोबांचा, आणखी दोघांचा. चौघांनी मिळून विहीर खणली, तिला दोन उन्हाळे लागले. कुसळं धोतरात, लुगड्यात, बैलांच्या ओठांत, कधीकधी भाकरीत. बाजाराला गेलं की गावातले लोक म्हणायचे, "आले कुसळवाले." तेच नाव पडलं. आपलं नावसुद्धा आपण ठेवलेलं नाही.

आणि आपण खालच्या गावाला नुसतं 'गाव' म्हणायचो. गावात चाललो, गावातनं आलो. आपण राहतो तेही गाव असू शकतं, हे कुणाच्या डोक्यात नव्हतं. देव गावात, शाळा गावात, दळण गावात. पोळाही गावात.

मी आठ वर्षांची होते त्या पोळ्याला. आदल्या दिवशी खांदेमळणी झाली, बैलांच्या खांद्यांना हळद आणि लोणी लावून आईनं त्यांना आवतन दिलं, आज आवतन घ्या, उद्या जेवायला या. दुसऱ्या दिवशी बाबांनी आमची लाल कंधारी जोडी सजवली आणि मी त्यांच्या मागं मागं गावात आले. तुमची जोडी आमच्या पुढं होती. तुमची आणि बाबांची सावड होती. दोघांचे बैल मिळून दोघांची वावरं करायची, आज तुमचं, उद्या आमचं. त्यामुळं चारही बैल एकमेकांच्या चालीनं चालायचे.

मारुतीपुढं आंब्याच्या पानांचं तोरण बांधलेलं होतं. आधी पाटलाचे बैल, मग मानकऱ्यांचे, मग गल्लीगल्लीनं, आणि माळावरचे सगळ्यात शेवटी. हे ठरलेलंच होतं, त्याचं कुणाला काही वाटायचं नाही. त्या दिवशी पाटलाचा पाहुणा हिंगोलीहून यायचा राहिला होता, म्हणून सगळं थांबलं. बैल दुपारपासून उन्हात उभे. शिंगांचा हिंगूळ घामानं ओघळून आमच्या बैलाच्या डोळ्यापर्यंत आला, तो बाबा सारखे धोतराच्या सोग्यानं पुसत होते. शेवटी पाहुणा आला, मंगलाष्टकं झाली, जोंधळे उधळले, पाटलाची जोडी गेली, मग गाव गेलं. आणि आपली पाळी आली तेव्हा तोरण खाली होतं. संपलंच सगळं असं समजून कुणीतरी दोर सोडला होता. मंगलाष्टकं म्हणणारे जेवायला गेले होते.

पाटील ओट्यावर बसला होता. हाच, सरपंचाचा आजोबा, मोठ्या मनाचा. तो पान लावता लावता म्हणाला, "सुटलं वाटतं तोरण. न्या की मग असंच खालून. तुमाला काय फरक पडतो?"

तुम्ही म्हणालात, "तोरणाखालून न्यायला तोरण लागतं, पाटील."

बस, एवढंच. आवाज चढवला नाहीत. तुमच्या सगळ्या भांडणांतलं सगळ्यात हळू भांडण ते. आणि तुम्ही बैल वळवलेत. तोरणाशी आणलेले बैल मागं फिरवणं म्हणजे काय, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही कळत होतं. बाबा घाबरून म्हणाले, "नाना, नको. अपशकुन व्हतो." तुम्ही मागं न बघता म्हणालात, "त्यो तर मघाच झाला."

पुढचं लोक वेगळं सांगतात. लोक सांगतात की माळावरच्या साऱ्यांनी एकजुटीनं बैल वळवले. खोटं आहे. सगळे दगडासारखे उभे होते. तुमचे बैल वळले म्हणून आमचे वळले, बाबांनी कासरा ओढायच्या आधीच, कारण सावडीच्या बैलांना तीच सवय होती. बाबांच्या हाताला हिसका बसला आणि ते बैलांमागं निघाले. मग बाकीचे आले. कुसळवाडी गावापासून वेगळी झाली ती अशी. बाबांनी काही ठरवलं नव्हतं, हे मला त्यांनीच पुढं हसत हसत सांगितलं.

माळावर पोचलो तेव्हा दिवेलागण झाली होती. तुम्ही दोन कडुलिंबांच्या मध्ये अंबाडीचा दोर बांधलात. माळावर आंबा कुठला. पळस मात्र पोटभर, म्हणून पळसाची पानं खोवलीत. मंगलाष्टकं कुणाला धड येत नव्हती, तर माझ्या आईनं आणि तुमच्या कारभारणीनं लग्नातली येतील तशी म्हटली. आणि तुम्ही दोराखाली उभं राहून म्हणालात, "ह्या तोरणाला मान न्हाई. ज्याचे बैल आधी येतील त्याचे आधी जातील." मी ते ऐकलेलं आहे. आठ वर्षांच्या पोरीला असल्या गोष्टी जन्मभर पाठ राहतात.

दुसऱ्या दिवशी गावातले विचारायचे, "तोरण हाय का पत्रावळ?" वर्षभर गिरणीत आपलं दळण मागं ढकललं. पाटलानं तुमच्याशी बोलणं टाकलं ते मरेपर्यंत. दिलं म्हणे तोरण. ज्यानं आपल्यासमोर दोर उचलून बांधायची तसदी घेतली नाही, त्याच्या नातवानं तुमच्या सरणापाशी ते तोरण स्वतःच्या घरच्या देण्यात जमा केलं.

आणि त्या तोरणानंच तर आपल्याला गाव केलं. एकदा पोळा आपला झाला, मग होळी आपली झाली. मग पोरांनी एवढं लांब का चालायचं म्हणून तुम्ही शाळेसाठी हिंगोलीच्या ऑफिसात खेटे घातलेत, आणि एका खोलीची शाळा आली. त्या खोलीत मी शिकले, आणि आज दुसऱ्या गावच्या तसल्याच खोलीत शिकवते. मी जी काही आहे त्यात तुमचा दोर आहे, नाना, हे मी तुमच्या तोंडावर कधी बोलले नाही. तुमच्या तोंडावर मी नेहमी दुसरंच बोलले. ते आता बोलते.

मी तेरा वर्षांची असताना बाबा काविळीनं गेले. मला भाऊ नाही. लोकांना वाटलं, आई आता बैल विकेल आणि वावर बटईनं देईल. तिनं दोन्ही केलं नाही. आणि तुम्ही सावड मोडली नाहीत, हे मी कधीही विसरणार नाही. पहिल्या पेरणीला ओल बेताची होऊन वाफसा आला त्या सकाळी तुमची तिफण तुमच्या वावरात न जाता आमच्या वावरात आली. आई म्हणाली, "नाना, आधी तुमचं करा, वाफसा जाईल." तुम्ही म्हणालात, "माझं राहू द्या, वहिनी. माझ्या घरी चार माणसं हायत." त्यानंतर दर वर्षी आमची पेरणी आधी आणि तुमची नंतर. सावड म्हणजे आज तुझं, उद्या माझं. तुम्ही आमचं नेहमी आज ठेवलंत.

आणि त्याच वर्षीचा पोळा. आईनं पहाटेच विहिरीवर बैल धुतले. शिंगं रंगवली, गोंडे बांधले, आणि दुपार व्हायच्या आत ती स्वतः कासरा धरून तोरणापाशी हजर झाली. तिथं तेव्हा दुसरं कुणी नव्हतं. आधी येईल तो आधी जाईल, तुमचाच शब्द. ती दोराखाली पहिली उभी राहिली, मी तिच्या बाजूला. मग बाकीचे यायला लागले, आणि आले ते जरा लांबच थांबले. म्हातारी माणसं आपसात कुजबुजायला लागली. रांडमुंड बाईचे बैल पहिले गेले तर साऱ्या वाडीच्या जनावरांवर संकट येईल, असं काहीबाही. मग तुम्ही आलात. त्यांनी तुम्हाला गाठलं. तुम्ही त्यांचं ऐकून घेतलंत आणि आमच्याकडं आलात.

"वहिनी, कासरा दिगंबरकडं द्या. त्यो काढंल."

"काहून?"

"बाईमाणसाचं काम न्हाई हे. आणि त्यात तुमचं असं."

"वावर मी करते, बैल मी चारते. कासराबी मीच धरीन, नाना."

तुम्ही जमिनीकडं बघत होतात. मग म्हणालात, "मग जरा बाजूला थांबा. शेवटाला काढू तुमचे."

आईनं बैल बाजूला घेतले. एकेक जोडी आमच्या समोरून दोराखालून गेली, आणि जाणारा प्रत्येक जण आमच्याकडं न बघता गेला. सगळं झाल्यावर आईनं आमचे काढले. घरी येताना मी चिडून तिला म्हटलं, आपण पण बैल वळवायचे होते, नानानं गावात वळवले तसे. ती म्हणाली, "वळवून कुठं नेऊ? नानाला माळ व्हता. मला कोणतं गाव हाय?"

ते मला आजतागायत पचलेलं नाही. पेरणीला आईचं वावर पहिलं आणि तोरणाला आईचे बैल शेवटचे, हे एकाच माणसानं कसं केलं, हे मी तुम्हाला किती वेळा विचारलं असेल. कधी मोठ्यानं विचारलं, कधी टोमण्यात. तुम्ही कधी हसण्यावारी नेलंत, कधी उठून गेलात. आईनं जोडी विकेपर्यंत दहा-बारा वर्षं ती शेवटीच राहिली. मी तोवर शिकायला बाहेर पडले होते. पोळ्याला घरी यायचे नाही, मुद्दाम.

गेल्या हिवाळ्यात तुम्ही काठी टेकत औंढ्याला माझ्या घरी आलात. पिशवीत घरच्या हळदीची पूड होती, कंडक्टरशी झालेलं ताजं भांडण होतं, आणि एक निरोप होता. पंचायत प्रत्येक वाडीच्या शाळेच्या भिंतीवर त्या वाडीचा इतिहास रंगवणार होती. "तू मास्तरीण हायस," तुम्ही म्हणालात, "आपल्या वाडीचं तू लिही." मी दोन पानं लिहून काढली आणि तुम्हाला वाचून दाखवली. आखाडे, विहीर, कुसळं. तोरणाच्या गोष्टीला तुम्ही ताठ बसलात. पाटलाचं वाक्य मी चुकीचं लिहिलं होतं, ते दुरुस्त केलंत. तुमच्या चेहऱ्यावर जे होतं ते बघून मला लिहिल्याचं सार्थक वाटलं. मग मी दुसरं पान वाचलं, आईचं.

तुम्ही चहाचा कप खाली ठेवलात. "हे काहून लिहिलं?"

"झालं म्हणून लिहिलं."

"सुमे, तवा आपलं तोरण पाच वर्साचं व्हतं. मी वहिनीला पुढं काढलं असतं तर ते म्हातारे आपापले बैल घेऊन खाली गेले असते. पाटील वाटच बघत व्हता. तोरण मोडलं असतं."

"मग मोडू द्यायचं होतं, नाना."

"मोडू द्यायचं? आन् मग तुझी शाळा कुठून आली असती?"

शाळेचं नाव काढलेलं मला सहन झालं नाही. मी म्हटलं, एकाच भिंतीवर दोन्ही गोष्टी जातील, नाहीतर एकही जाणार नाही. तुम्हीही काही कमी नाही. म्हणालात, "मग कायबी लिहू नको. कोरी राहू दे भिंत." मी ती दोन पानं कपाटात टाकली. तुम्ही न जेवता निघालात. मी स्टँडपर्यंत सोडायलाही आले नाही, हळदीची पिशवी तेवढी ठेवून घेतली. नंतर तीनदा फोन झाला, त्यात पाऊस झाला, दिगंबरच्या मुलीचं झालं, माझ्या गुडघ्याचं झालं. भिंतीचं नाही. आणि आषाढात तुम्ही गेलात.

दहाव्याला मी वाडीत आले तर भिंत कोरी नव्हती. निळ्या रंगात, झोकदार अक्षरात सगळं लिहून झालं होतं. 'कुसळवाडी ही मूळ गावाची उपवस्ती असून, गावच्या तत्कालीन पाटलांनी उदार अंतःकरणाने वस्तीस स्वतंत्र पोळा साजरा करण्याची परवानगी दिली.' वाडीतून मजकूर आला नाही, म्हणून गावातून पाठवला, असं मुख्याध्यापक म्हणाले. चुकलं काय त्यांचं? मजकूर आला नव्हताच. तुम्ही म्हणालात कोरी ठेव, मी म्हटलं राहू दे कोरी. आपण दोघं रुसून बसलो आणि ज्यांना लिहायचं होतं त्यांनी लिहिलं. तुम्हाला स्वतःची एक चूक भिंतीवर नको होती, म्हणून तुमचं सगळं आयुष्य भिंतीवरून पुसलं गेलं, नाना. तुमच्या नातवंडांना आता तिसरीच्या वर्गात शिकवतील की त्यांच्या आजाला परवानगी मिळाली होती. मी त्या भिंतीपुढं उभी राहून तुम्हाला शिव्या दिल्या. खऱ्या शिव्या, मास्तरणीनं द्यायच्या नाहीत तसल्या. मग स्वतःलाही दिल्या.

तेराव्याचं जेवण झाल्यावर मी आईच्या अंगणात ती दोन पानं पुन्हा वाचली. आई खाटेवर, दिगंबर तिच्या पायथ्याशी, डोकं भादरलेला. मी मोठ्यानं वाचलं, आईला ऐकू जावं म्हणून. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "त्याच्यानंतर नानानं आपले बैल कधी पुढं काढले न्हाईत, हे लिहिलं का?"

मी लिहिलं नव्हतं. मला माहीतच नव्हतं. त्या पहिल्या वर्षी मी फक्त आईकडं बघत होते, आणि नंतर मी आलेच नाही. दिगंबर म्हणाला, "व्हय. दर वर्षी बाबा साऱ्यांना पुढं घालायचे. आमची जोडी शेवटून दुसरी. मागं फक्त काकू. म्या चिडायचो, भूक लागायची. बाबा म्हणायचे, गुमान उभं राहा."

नाना, दहा-बारा वर्षं तुम्ही हे केलंत आणि मला एका शब्दानं सांगितलं नाहीत. माझ्या घरात कप खाली ठेवलात तेव्हा तरी सांगायचं होतं. मी विरघळले असते. मी तुम्हाला जेवू घातलं असतं, स्टँडपर्यंत आले असते, आणि तुम्ही म्हणाल तसं लिहिलं असतं. मला तिथं अंगणात रडू आलं, ते या तेरा दिवसांतलं पहिलं. मी म्हटलं, आई, मग हे दुसरं पान काढून टाकते मी.

आईनं हात झटकला. "एवढं हळवं व्हायचं कारण न्हाई. थांबायचा तो, मी कुठं न्हाई म्हणते? पण माझ्या पुढं थांबायचा. माझ्या मागं उभं राहायचं व्हतं त्यानं."

दिगंबरनं विचारलं, "हे मागं-पुढंचं बी लिहिणार का, ताई?" मी म्हटलं, जाईल तर सगळं जाईल. मला वाटलं तो उठून जाईल, तुमच्यासारखा. तो उठला, पण कागद घेण्यासाठी. म्हणाला, "सभेत मांडतो. सरपंच आडवा येईल. येऊ द्या. पण बाबाची चूक बी आपल्याच अक्षरात असलेली बरी."

तर आता भिंतीवर असं लिहायचं ठरलंय. तोरण कुणी दिलं नाही, ते तुम्ही बांधलं. तोरणाला मान नाही असं तुम्हीच म्हणालात, आणि पाच वर्षांनी माझ्या आईला, सरूबाईला, तुम्हीच शेवटी उभं केलंत. त्यानंतर दर वर्षी तुम्ही तिच्यासाठी थांबलात, तिच्या एक जागा पुढं. यातला एकही शब्द मी मऊ केलेला नाही. तुम्ही असता तर याच्यावर तुम्ही आणि मी औंढ्यापासून वाडीपर्यंत भांडलो असतो, आणि तुम्ही काय काय म्हणाला असता ते सगळं मी रोज स्वतःशी म्हणून बघते. तोरण, म्हातारे, पाटील, माझी शाळा, सगळं. आईच्या त्या एका वाक्यापाशी येऊन तुम्ही अडता. भर गावात पाटलाकडं पाठ फिरवून बैल वळवणारा माणूस तुम्ही. दहा-बारा वर्षं एक पाऊल मागं यायला कुणाला भ्यालात, नाना?